पिशीचा नेम आणि साडीतली मासोळी

आमच्या लग्नात दोनच अडथळे होते. एक माझे बाबा आणि दुसरी त्याची पिशी. बाकी सगळे हरखून गेले होते. माझी मामी तर इतकी हरखली, की तिने ऐन लग्नाच्या दिवशी घोळ घातला. पण तो पुढे सांगते, कारण तो आठवला की मला हसू आवरत नाही आणि मग सांगणं राहूनच जातं.

पिशी म्हणजे बंगालीत आत्या. नवरदेवाला आई नव्हती. पूर्व बंगालातून सगळे निघाले तेव्हा पिशीनेच त्याला पाठीशी बांधून सीमा ओलांडली होती. मग एकामागून एक छावण्या झाल्या आणि शेवटी सरकारने त्यांना आमच्या चामोर्शीकडच्या जंगलात आणून वसवलं. जमीन दिली, बैलजोडी दिली, छपराला पत्रे दिले. वस्तीला नाव मिळायच्या आधी नंबर मिळाला. पोरांना मराठी शाळेत घातलं, तिथे तो माझ्या वर्गात आला. आमच्याकडची झाडीबोली त्याने वर्षभरात उचलली, शिव्या त्याहून लवकर. बंगालात त्यांची जात सवलतीच्या यादीत होती, महाराष्ट्रात मात्र नव्हती. सरकारने माणसं आणली आणि जात वाटेतच विसरली, असं बाबा म्हणत. त्यामुळे मला फी माफ आणि पुस्तकं फुकट, त्याला काहीच नाही. म्हणून माझ्याच पुस्तकांवर आम्ही दोघं मॅट्रिक झालो. पुस्तकं देता-घेता काय होतं ते वेगळं सांगायला नको.

ऐंशीच्या दशकाच्या मध्यावर लग्नाची गोष्ट निघाली. मी सायकल मारत एकटीच वस्तीवर गेले. आगाऊपणाच तो, पण मला पिशीला बघायचंच होतं. पांढऱ्या लुगड्यातली, केस बारीक कापलेली, काटकुळी बाई. तिने मला पाट दिला, गूळपाणी दिलं आणि आडपडदा न ठेवता सांगितलं, तेही आमच्याच बोलीत.

"पोरी, तू चांगली हायेस. पन तुह्या हातचं मी नाई खाणार. कोनाच्याच हातचं नाई खात. कॅम्पात ताटली धरून उभं राहावं लागे, जो वाढन त्याचं खा. इथी माही चूल भेटली, तवाच नेम केला. गाव गेलं, घर गेलं, मालक गेला. नेम तेवढा माहा हाय."

मला त्यात वाईट काही वाटलं नाही. घरी येऊन मी ते बाबांना हसत हसत सांगितलं, आणि बाबांचा चेहरा बघून माझं हसू जिथल्या तिथे थिजलं. लहानपणी बाबांच्या ओंजळीत लोक वरून पाणी ओतायचे. छप्पन सालीच बुद्धाला शरण गेलेला माणूस तो. पिशी सगळ्यांनाच नाही म्हणते, एकट्या आपल्याला नाही, हे मी परोपरीने सांगितलं. त्यांना ऐकू आलं ते एकच, की माझ्या लेकीच्या हातचं चालत नाही.

"जिथी हात पाहून जेवतेत, तिथी पोरगी नाई देत मी," ते म्हणाले.

पंधरा दिवस लग्नाची गोष्ट अडून राहिली. मग नवरदेवाने तोड काढली. त्यांच्यात लग्नानंतर बौभात असतो. नवी सून सगळ्या भाऊबंदांना आपल्या हाताने भात वाढते, ते जेवले की ती त्या घरची झाली. बाबांनी ते ऐकून घेतलं आणि निकाल दिला. त्या पंगतीला ते स्वतः येणार, पण बसून राहणार. पिशी जेवली तर तेही जेवतील. नाही जेवली, तर ज्या बैलबंडीतून आले त्याच बंडीतून मला परत आणतील. मामा म्हणाला, गंमत करत असतील. माझे बाबा गंमत करत नसत.

तर आता मामीचा घोळ.

लग्नाच्या दिवशी सकाळी नवरदेवाकडून हळद आली, मिठाई आली, आणि पितळी गंगाळात एक जिवंत रोहू आली. हातभर लांब, तिला लाल काठाची इवली साडी गुंडाळलेली, डोक्याला कुंकू, तोंडाशी चमकीची नथ. त्यांच्यात असा मासा नवरीकडे पाठवतात, नवरीकडच्यांनी तो चिरून रांधायचा. हे आणणाऱ्या पोरांनी सांगायला हवं होतं, पण ती लाजून गंगाळ ठेवून पळाली.

मामीने गंगाळात डोकावून पाहिलं आणि तिचा ऊर भरून आला. साडीत आलेली, कुंकू लावलेली, आपल्या दारी पहिल्यांदा आलेली पाहुणी! तिने तिची ओटी भरली. खण ठेवला, तांदूळ घातले, नारळ मावेना म्हणून सुपारी ठेवली. बाबा ओरडले की हे असलं आपण सोडलंय, पण त्या दिवशी बाबांचं ऐकतो कोण. जरा वेळाने चूल पेटवणारी बाई विळी घेऊन आली, तेव्हा मामी आडवीच झाली. जिची ओटी भरली तिला चिरायचं कसं? बाया विचारात पडल्या आणि सगळ्यांनी मिळून तिला वाजतगाजत घरामागच्या बोडीत, म्हणजे आमच्या शेततळ्यात, नेऊन सोडलं. साडीसकट. एकदोघींनी डोळेही पुसले.

दुपारी वरात आली. नवरदेवाच्या काकाने मोठ्या मायेने विचारलं, माशाचं मुंडकं कोणी खाल्लं? मामी म्हणाली, "ते माहेरी गेली."

उलगडा झाल्यावर आधी काका हसला, मग अख्खी वरात. पाण्याच्या मुलखातली माणसं ती, बोडी दिसल्यावर काठावर कसली थांबतात? नव्या धोतरांचे काचे मारून सात-आठ जण पाण्यात उतरले. भन्तेजी पंचशील द्यायला खोळंबले आणि नवरदेव कमरेइतक्या पाण्यात उभा. चिखलात लोळून आले, झिंगे सापडले, एक खेकडा सापडला, रोहू काही गावली नाही. आमचं लग्न ओल्या धोतरांनीच लागलं. मी इतकी हसत होते की आईने मला पाठीमागून चिमटा काढला.

पिशी विधवा, म्हणून लग्नाला आली नव्हती. तिला हे सगळं वस्तीवर कळलं, तेव्हा म्हणे ती पदर तोंडाला लावून खाली बसली आणि हसून हसून तिला ठसका लागला. ते ऐकून मला हायसं वाटलं. पण बौभाताच्या सकाळी मी पाहिलं, तिच्या चुलीवर तिचं वेगळं भांडं चढलेलं होतं.

अंगणात पंगत बसली. बाबा टोकाला, समोर कोरी पत्रावळ, हात मांडीवर. बाहेर बंडीचे बैल त्यांनी सोडलेच नव्हते. मी भाताचं पातेलं घेऊन वाढत सुटले. काका जेवला, काकू जेवली, पोरंटोरं जेवली. आणि पिशी तिच्या चुलीपासून उठली. भिंतीला टेकवलेली जर्मनची थाळी घेतली आणि माझ्यापुढे येऊन उभी राहिली, दोन्ही हातांनी थाळी धरून.

मी तिच्या चुलीवरच्या भांड्याकडे पाहिलं.

"कॅम्पात भूक होती, म्हून खाल्लं," ती म्हणाली. "आज माही मर्जी हाय. वाढ."

मी वाढलं. किती वाढलं ते मला कळलं नाही, निम्मा भात थाळीबाहेर सांडला. ती तिथेच खाली बसली, सांडलेला भात वेचून थाळीत घेतला आणि पहिला घास तोंडात घातला.

पंगतीच्या टोकाहून बाबांचा आवाज आला, "पोरी, इकडं बी भात आन. मले भूक लागली."