गावातली एकच गिरणी

मुरुमच्या महेश्वरीनं बारा वर्षं लग्नांचं शूटिंग केलं. सासरी निघालेल्या नवरीचं रडणं टिपण्यात तालुक्यात तिचा हात धरणारं कुणी नव्हतं. म्हणूनच की काय, एका संस्थेनं तिला वेगळंच काम दिलं. जवळच्या एका खेड्यात मिरवणुकीच्या वाटेवरून दोन आळ्या एकमेकींवर तुटून पडल्या होत्या, दोन माणसं गेली होती. सात वर्षांनी ते गाव कसं सावरलंय, त्याची फिल्म करायची होती.

गावानं तिला कौतुकानं गिरणीपुढं नेलं. गिरणी भीमाशंकरची. त्या मारामारीत कडूबाईच्या मुलाच्या, युवराजच्या, डोक्यात पहार घालून जीव घेतला म्हणून भीमाशंकरला धरलं होतं. साक्षीदार फिरले, तो सुटला. आता कडूबाई त्याच्याकडंच ज्वारी दळायला आणत होती. त्यानं डबा घेतला, ती पदर सावरून बाजूला उभी राहिली.

"बघा, समदं मिटलं," सरपंच म्हणाले.

महेश्वरीला फिल्मचा शेवट मिळाला. तरी कडूबाईच्या घरी कॅमेरा लावून तिनं विचारलंच, "मावशी, तुमी माफ केलं त्याला?"

कडूबाईनं पीठ चाळता चाळता मान वर केली. "गावात दुसरी गिरणी हाय का?"

महेश्वरीनं कॅमेरा बंद केला. "हे ठिवू का फिल्ममदी?"

"ठिव. सात वर्सांत मला कुणी इचारलंच न्हाय."

पंचायतीच्या हॉलमध्ये फिल्म दाखवली. गिरणीचं ते वाक्य आलं आणि माणसं एकेक करून उठू लागली. भीमाशंकर शेवटपर्यंत बसून होता. दुसऱ्या दिवशी त्यानं कडूबाईचा डबा घेतला नाही. गावाची बदनामी केली म्हणून तिच्याच आळीतल्या बायका तिच्याशी बोलेनाशा झाल्या.

महेश्वरीला हे महिनाभरानं कळलं. ती आली तेव्हा कडूबाई भर उन्हात शेजारच्या गावाहून पिठाचा डबा डोक्यावर घेऊन येत होती. महेश्वरीनं तो उतरून घेतला.

"मावशी, म्या ते फिल्ममदनं काढून टाकते."

"काढून काय व्हतंय? ऐकायचं ते समद्यांनी ऐकलं."

आता महेश्वरी दर पंधरवड्याला स्कूटीवरून येते, ज्वारी नेते, पीठ आणून देते. कडूबाई चहा ठेवते. युवराजचं नाव मात्र कडूबाईनं त्या फिल्मनंतर काढलेलं नाही.