व्याह्यांचा झाडांचा पक्ष

आमच्या व्याह्यांइतका निवडणूक हरायला न कंटाळणारा माणूस सातारा आणि सांगली या दोन जिल्ह्यांत दुसरा सापडणार नाही, आणि सापडलाच तर तो त्यांच्याच पक्षात असेल. विधानसभा झाली, जिल्हा परिषद झाली, पंचायत समिती झाली. जे जे लढवता येतं ते ते त्यांनी लढवलं आणि दर वेळी अनामत रक्कम सरकारजमा करून शांतपणे घरी आले. घरी आल्यावर आंघोळ, चहा आणि लगेच पुढच्या निवडणुकीची तयारी. ते फौजेतून सुभेदार होऊन निवृत्त झाले, त्यामुळे हरलो असं त्यांच्या तोंडून कधी निघत नाही. "पोझिशन घेतली होती, होल्ड झाली न्हाई," एवढंच म्हणतात.

त्यांचं गाव मेढ्यापलीकडच्या डोंगरात, नुकतीच नगरपंचायत झालेलं. नाव सांगत नाही, कारण तिथल्या दोन्ही गटांशी माझा अजून व्यवहार आहे. मी पलूसजवळचा लाकडाचा वखारवाला. दुसऱ्याच्या वखारीत ओंडके ढकलत मोठा झालो आणि आज माझी स्वतःची करवत चालते. उभं झाड बघून त्यातून किती माल निघेल ते सांगतो. सौद्यात मला कुणी वाकवल्याचं ऐकिवात नाही. रागही तेवढाच प्रसिद्ध आहे. अशा माणसाची मुलगी झाडं वाचवणाऱ्या पक्षाच्या संस्थापकाच्या घरी पडावी, याला काय म्हणायचं ते तुम्हीच ठरवा. लग्नाच्या बैठकीला मी पूर्ण तयारीनं गेलो होतो. ते काय मागतील, मी कुठं अडेन, कुठं चिडल्यासारखं करून उठेन, सगळं घोकून ठेवलं होतं. तर हा माणूस काही मागेचना. समोरचा मागतच नसेल तर सौदा करणाऱ्यानं करायचं काय? शेवटी मीच ओरडलो, "अहो, काहीतरी मागा की." तेव्हा म्हणाले, "मानपानात टावेल-टोपी नको. प्रत्येक पावण्याला एक रोप. आन ती रोपं तुमी सोताच्या हातानं द्यायची." दिलेला शब्द मी मोडत नाही. लग्नाच्या दिवशी मांडवाच्या दारात उभा राहून मी करंज आणि जांभळाची रोपं वाटली, तीही माझ्याच गिऱ्हाइकांना. विट्याचा एक जुना गिऱ्हाईक रोप उलटसुलट बघत म्हणाला, "शेठ, हे वाढलं की न्यायला तुमीच येणार न्हवं?" आजूबाजूचे सगळे हसले. तो अपमान अजून मला पचलेला नाही.

त्यांच्या पक्षात तेव्हा सात माणसं होती. त्यांपैकी दोन विहीणबाईंच्या पोह्यांसाठी येत, हे सगळ्यांना माहीत होतं, फक्त व्याह्यांना नव्हतं. सकाळी सहाला अंगणात हजेरी व्हायची. प्लास्टिकचे झेंडे नाहीत, कर्णा नाही, फटाके नाहीत, गाडी नाही. विधानसभेच्या वेळी तर त्यांनी कमालच केली. नवा कागद म्हणजे झाड, म्हणून पत्रकं छापायचीच नाहीत असं ठरलं. दुसऱ्या पक्षाची सभा संपली की मैदानात पडलेली पत्रकं हे सातजण गोळा करायचे, झटकायचे आणि मागच्या कोऱ्या बाजूला आपल्या पक्षाचा रबरी शिक्का मारायचे. मग तीच पत्रकं डोंगरातल्या वाड्यावस्त्यांवर पायी नेऊन घरोघरी वाटायची. लोक पुढची रंगीत बाजू बघायचे, फोटोतल्या उमेदवाराला ओळखायचे आणि कागद कपाटाला आतून चिकटवून ठेवायचे. ज्या वस्त्यांवर त्या उमेदवाराचा माणूस कधी चढला नव्हता, तिथं त्याला भरभरून मतं पडली. निकालानंतर तो स्वतः नारळ घेऊन व्याह्यांचे आभार मानायला आला. विहीणबाई मला म्हणाल्या, "आवं व्याही, पंधरा दिवस पायाचं तुकडं पाडलं, आन परचार केला त्येचा." व्याही नारळ सोलत होते. मान वर न करता म्हणाले, "कागद दोनदा वापरला गेला का न्हाई? मग झालं."

पक्षाचे दिवस पालटले ते नगरपंचायतीच्या निवडणुकीत, आणि तेही व्याह्यांना उभं राहता आलं नाही म्हणून. त्यांचा प्रभाग महिलांसाठी राखीव झाला आणि विहीणबाईंना अर्ज भरावा लागला. त्यांनी शिक्का आणि हजेरी दोन्ही बाजूला ठेवलं, आणि पाणी यायच्या वेळी नळावर जाऊन उभ्या राहिल्या. "हितली चिंच तोडली तवापासनं आपण रांगेत उन्हानं भाजतोय. स्टँडपासनं बाजारापतूरची झाडं बी तोडणार हायती. मग पोरं शाळंला कशी न्यायची ते सांगा मला." एवढंच भाषण. त्या निवडून आल्या. सतरा जागांपैकी एका गटाला आठ, दुसऱ्याला आठ आणि झाडांच्या पक्षाला एक. नगराध्यक्ष नगरसेवकांनीच निवडायचा होता. ज्या माणसाकडं आजवर कुणी ढुंकून बघितलं नव्हतं, त्याच्या अंगणात दोन्ही गटांच्या गाड्या उभ्या राहिल्या.

मला निरोप आला, ताबडतोब या. गेलो. व्याही म्हणाले, "स्टँड ते बाजार अठरा झाडं हायती. वड, चिंचा, नांद्रुक. रस्ता रुंद करायचा म्हणून दोन्ही गट ती तोडणार. जो वाचवंल त्येला आमचं मत. हा सौदा तुमी करायचा."

आता गंमत बघा. त्या अठराच्या अठरा झाडांच्या बुंध्याला मी महिन्यापूर्वीच टेप लावून आलो होतो. लिलाव मीच घेणार होतो. हिशोबाचा कागद त्या वेळी माझ्या खिशात होता. मी भडकलो. "माझ्या धंद्यावर मीच करवत चालवू? दुसरा कुणी मिळाला नाही तुम्हाला?"

"झाडाची किंमत तुमच्याइतकी कळणारा माणूस आमच्या पक्षात न्हाई," ते म्हणाले. टोमणा नव्हता, सरळ सांगत होते. म्हणून जास्त राग आला. मी उठून चपला घातल्या. विहीणबाई आतून म्हणाल्या, "च्या टाकलाय. राग बी घिऊन जा, पर च्या पिऊन."

चहा पिता पिता मी विचार केला आणि माझी लबाडी माझ्यावरच उलटली. कारण हा सौदा कसा करायचा ते मला दिसायला लागलं होतं, आणि एकदा दिसलं की मला राहवत नाही. झाडं तोडायची नोटीस निघाली की कुणालाही लेखी हरकत घेता येते. या एका कागदानं आयुष्यभर माझे सौदे बुडवलेत, आणि ज्यानं स्वतःच्या सहीनं हरकत घेतली त्याला पुढं तोडायच्या बाजूनं हात वर करता येत नाही. पहिल्या गटाचा पुढारी आला, त्यानं विहीणबाईंना उपनगराध्यक्षपद देऊ केलं, घरापुढं काँक्रीट देऊ केलं. मी म्हणालो, "ते राहू द्या. तुमच्या आठही जणांनी आपापल्या नावानं, वेगवेगळी हरकत लिहायची. कचेरीत दाखल करून शिक्का मारून आणायची. मग मत."

तो माझ्याकडं बघतच राहिला. "आवं शेठ, ह्यात तर तुमचाच माल जातुया की."

"माझा माल मी बघतो. तुम्ही सही करा."

"चौघांच्या हरकती चालतील का?"

"आठ. दुसरा गट संध्याकाळी यायचाय."

चार वाजायच्या आत आठ कागद आले. माझ्या आयुष्यातला तो सगळ्यात देखणा सौदा होता आणि त्यात मी माझीच अठरा झाडं घालवली. व्याह्यांनी कागद मोजले, घडी करून ठेवले आणि विहीणबाईंना म्हणाले, "बघ, लोकांनाच झाडं हवी हायती. सोताहून लिवून दिलं." माझ्याबद्दल एक शब्द नाही. त्या दिवशी मी जेवायलाही थांबलो नाही.

ती झाडं पाच वर्षं राहिली. पुढच्या वेळी प्रभाग खुला झाला. व्याही स्वतः उभे राहिले आणि अर्थातच पडले. नव्या लोकांनी पहिल्याच बैठकीत रस्त्याचा ठराव केला, हरकती फेटाळल्या आणि लिलावाची तारीख लावली. व्याह्यांचा फोन आला नाही. मुलीचा आला. म्हणाली, "मामंजी गुडघ्याला तेल लावून बसलेत. धरणं धरणार म्हणतायत, पण पक्षात आता चौघंच आहेत." मी फोन ठेवला. दोन्ही जिल्ह्यांतल्या झाडून सगळ्या वखारवाल्यांना एकेक फोन लावला. काहींवर माझे उपकार होते, ते आठवून दिले. काहींवर ओरडलो. दोघांच्या हातापाया पडलो म्हटलं तरी चालेल, आणि ते मी कधी केलं नव्हतं. धंद्यात माझं जे नाव होतं ते सगळं त्या दोन दिवसांत खर्ची घातलं.

लिलावाच्या दिवशी कचेरीच्या पायरीवर व्याही तिघांना घेऊन बसले होते. पाठ ताठ, पण सदऱ्यातला माणूस बराच कमी झाला होता. आत साहेबांनी पुकारा केला. कुणी बोललं नाही. पुन्हा केला. अकरा व्यापारी खाली बघत बसले होते आणि बारावा मी. तिसऱ्यांदा पुकारून साहेबांनी वही मिटली. लिलाव पुढं ढकलला. पुढं म्हणजे कधी, ते कुणालाच माहीत नव्हतं.

बाहेर आलो तर व्याह्यांनी माझा हात धरला. त्यांना उठायला आधार लागतो हे तोवर मला माहीत नव्हतं. "बघितलंसा न्हवं व्याही," ते म्हणाले, "चार मानसं नुसती पायरीवर बसली, आन एकाची बोली लावायची छाती झाली न्हाई. पक्ष वाढतुया."

इतकी वर्षं ज्या एका शब्दासाठी मी अडून बसलो होतो, तो मागायची हीच वेळ होती. मी त्यांच्याकडं बघितलं. तोंडभर हसत होते.

"व्हय," मी म्हणालो, "वाढतुया." आणि त्यांच्या चालीनं, फार हळू, आम्ही सावलीसावलीनं स्टँडकडं निघालो.