मागच्या सीटचं हेल्मेट

फोन आक्काच्याच नंबरावरून आला होता, म्हणून उचलताच मी म्हटलं, "आज कुणाला कोर्टात खेचलंस?" पलीकडे दाजी होते. "तुझी आक्का गेली गं..." एवढंच बोलले. हृदयाचा झटका. महिना होत आला, पण माझा तो चेष्टेचा सूर अजून माझ्याच कानातून जात नाही.

माझी ही थोरली बहीण सांगलीत वकिली करायची. वाटण्या, पोटगी ही कामं पोटासाठी; जीव मात्र परीक्षांच्या निकालांत अडकलेला. पेपर फेरतपासणीला टाकून महिनोन्‌महिने वाट बघणारी पोरं तिच्याकडे यायची. आधी उत्तरपत्रिकेची प्रत मागायची, मग तक्रार निवारण समिती, तिथंही दाद लागली नाही तर हायकोर्ट... एकही पायरी ती गाळू द्यायची नाही. पोराला स्कूटरवर मागं बसवून स्वतः विद्यापीठात न्यायची. त्यासाठी जादाचं हेल्मेटही घेतलेलं. खिडकीवर "पुढच्या आठवड्यात या" ऐकलं की पोरं रडकुंडीला येत. आक्का दटावायची, "हितं रडायचं न्हाई. गाडीवर बस, काच खाली ओढ, मग रड सांगलीपातुर. मी काय मागं वळून बघत न्हाई."

वडूजची प्रियांका शेवटच्या वर्षी रसायनशास्त्रात नापास झाली होती. फेरतपासणीचा निकाल येईना आणि पुढची परीक्षा तोंडावर आलेली. ती आली तेव्हा मी साताऱ्याहून आक्काकडे गेले होते. पोरगी हटून बसली. "आवं ताई, परत बसले म्हंजी मी नापास हुते हे कबूलच केलं की!" मला तिचंच पटलं. आक्काला नाही. "अर्जात लिही, पयल्या पेपरावरचा हक्क राखून बसते म्हणून. मान लय ताठ ठिवलीस तर आनखी वरीस जाईल. तू पेपर दे, भांडायला मी हाय."

प्रियांका बसली, पास झाली. तोवर एम.एस्सी.चे प्रवेश संपले होते. वर विद्यापीठानं विचारलं, आता पास झालीस, मग तक्रार कसली? तरी आक्कानं हायकोर्टात याचिका टाकलीच. त्या रात्री मला फोनवर म्हणाली, "जिंकलो तरी गेलेलं वरीस कोर्ट काय परत देणार न्हाई. हे पोरीला कसं सांगू?" त्या प्रश्नाचा मला आजही भयंकर राग येतो. कायद्यात दाद आहे हो, पण तिची वाट बघायला पोरांनी आयुष्य कुठून आणायचं?

गेल्या रविवारी मी दाजींकडे होते. प्रियांका आली. हल्ली ती शिरवळला एका कंपनीत कामाला आहे. कोर्टाच्या तारखेआधीच विद्यापीठानं फेरतपासणीचा निकाल लावला होता. पहिल्याच पेपरात ती पास होती. आक्का गेल्याचं तिला ठाऊक होतं.

"तरी बी ताईस्नीच सांगायला आले," म्हणाली.

आक्काच्या खोलीत दारामागं ते हेल्मेट अजून खुंटीला आहे. प्रियांकानं ते काढलं, डोक्यावर चढवलं आणि काच खाली ओढली. मी खिडकीतून बाहेर बघत उभी राहिले.