बाइंडर नासिरभाईंची हिब्रू

यवतमाळला दत्त चौकाच्या मागच्या गल्लीत नासिरभाईंचं बाइंडिंगचं दुकान आहे. कोर्टाच्या फायली, शाळांची हजेरीपुस्तकं, कॉलेजचे प्रबंध, कुणाच्या घरची फाटलेली पोथी, सगळं तिथं शिवून मिळतं. वय अडुसष्ट. पाठीत जरासे वाकलेत, पण दाभण धरलेला हात अजून थरथरत नाही. त्यांना मराठी, हिंदी, उर्दू येते हे गल्लीला ठाऊक होतं. हिब्रूही येते हे मात्र गेल्या वर्षीच्या मार्चपर्यंत त्यांची बायको आयशाबी सोडली तर गल्लीत कुणालाच माहीत नव्हतं.

पूर्वी यवतमाळात पाद्री घडवणारं एक मोठं कॉलेज होतं. देशभरातून मुलं यायची. नासिरभाई विशीत असताना तिथल्या बाइंडिंग खात्यात लागले. एकदा ग्रंथालयातली खिळखिळी झालेली हिब्रू पुस्तकं बांधायला आली. मुकादमानं ती नेहमीसारखी डावीकडून उघडतील अशी लावायला सांगितली. नासिरभाईंनी पानांचे आकडे पाहिले आणि हात थांबवला.

"हे तं उर्दूवानी उजवीकून उघडते," ते म्हणाले.

मुकादम ऐकेना. तेव्हा पुस्तकांचा गठ्ठा काखेत मारून ते थेट हिब्रू शिकवणाऱ्या वामनराव साळवे सरांच्या वर्गापाशी जाऊन उभे राहिले. सरांनी सगळं ऐकून घेतलं.

"तुला हे वाचता येतं?"

"नाही जी. पण दार कोन्या बाजूनं हाय, ते समजते."

"मग आत ये," सर म्हणाले.

त्यानंतर सहा वर्षं दुपारच्या सुट्टीत सरांनी त्यांना शिकवलं. नासिरभाई भराभर पुढं गेले, कारण अर्धे शब्द ओळखीचेच निघत होते. उर्दूतला मलिक तिथं मेलेख होता, सलामचा शालोम होता. कॉलेज १९८३ साली पुण्याला गेलं. सरांनी त्यांना सोबत चल म्हटलं होतं, पण दोन बहिणींची लग्नं व्हायची होती आणि आई गाव सोडायला तयार नव्हती. जाताना सरांनी आपलं स्वतःचं हिब्रू बायबल त्यांच्या हातात दिलं. तेव्हापासून रोज असरची, म्हणजे तिसऱ्या प्रहरची नमाज झाली की नासिरभाई त्यातलं अर्धं पान वाचतात. हे त्यांनी कधी बाहेर कुणाला सांगितलं नाही, कारण कुणी विचारलंच नाही.

विचारायची वेळ निशिगंधा गावंडे या बाईंमुळे आली. त्या बाभुळगावच्या कॉलेजात इतिहास शिकवतात. घरी कापूस-तुरीची शेती. सात वर्षं खपून त्यांनी पीएचडीचा प्रबंध लिहिला होता. विषय असा, की इस्राएल उभारणाऱ्या पुढाऱ्यांनी धर्मग्रंथाचा वापर कसा केला. पहिले पंतप्रधान बेन-गुरियन फारसे धार्मिक नव्हते, तरी विद्वानांना घरी बोलावून बायबलवर चर्चा करायचे, आणि या भूमीवरचा आपला हक्क त्याच ग्रंथातून सांगायचे. हे सारं बाईंनी इंग्रजी पुस्तकांवरून नीट मांडलं होतं, आणि भर म्हणून मूळ हिब्रू उताऱ्यांचे तुकडेही दिले होते. प्रबंध जमा करायला तीन दिवस उरले असताना त्या तो बांधून घ्यायला दुकानात आल्या.

नासिरभाईंनी पानं जुळवायला घेतली आणि एका ठिकाणी थांबले. चष्मा पुसला. पुन्हा पाहिलं.

"मॅडम, हे समदं उलटं छापलं हाय."

"पान उलटं लागलं का, चाचा?"

"पान बरोबर हाय. अक्षरं उलटी हायत. हे अक्षर पाहा, हे फक्त शब्दाच्या शेवटाले येते. तुमच्या इथं ते सुरुवातीले बसलं. उजवीकून वाचाची भाषा कॉम्प्युटरनं डावीकून लावून देल्ली."

बाईंचा चेहरा पडला. सात वर्षांत हे त्यांच्या मार्गदर्शकांच्याही लक्षात आलं नव्हतं.

"तुम्हाला... हिब्रू येते?"

"येते," नासिरभाई म्हणाले. "बसा. आता दुरुस्त करू."

एकूण एकेचाळीस उतारे होते. दुसऱ्या दिवशी बाई कॉलेजातून रजा टाकून आल्या. नासिरभाई मोठ्यानं वाचायचे, बाई लॅपटॉपवर अक्षरं सरळ करायच्या, आयशाबी अधूनमधून चहा ठेवून जायच्या. शेजारच्या मोबाइलच्या दुकानातून नासिरभाईंचा भाचा शहजाद आला. तो काही वेळ दारात ऐकत उभा राहिला आणि भडकला.

"मामू, वहाँ गाझा में बच्चे मर रहे हैं, और आप उन्हीं की जबान पढ़ रहे हो?"

नासिरभाईंनी हातातलं पान खाली ठेवलं. "मले मालूम हाय तिथं काय होऊन राह्यलं. मी बी तुयासारखाच टीव्ही पाह्यतो आन् मले बी जेवण जात नाही. पण जबान कोन्या सरकारची नौकर नसते, शहजाद. राजाच्या तोंडावर त्याचा गुन्हा सांगणारे नबी बी याच जबानीत बोलले."

शहजाद तडक आपल्या दुकानात परतला. बाई मात्र विचारात पडल्या.

"चाचा, ते नबींचं काय म्हणालात?"

"तुम्ही जमीन जिंकल्याची पानं देल्ली, राजांची देल्ली. त्या राजांले ज्यांनी टोकलं, त्यांचं एक बी पान नाही. काहून?"

मग त्यांनी सरांचं बायबल उघडलं आणि एका राजाची गोष्ट वाचून मराठीत सांगितली. राजवाड्याला लागून एका साध्या माणसाचा द्राक्षमळा होता. राजाला तो पाहिजे होता. माणूस म्हणाला, वाडवडिलांची जमीन आहे, देणार नाही. राजाच्या राणीनं त्याच्यावर खोटा आळ घेतला आणि त्याला दगडांनी मारवलं. राजा मळ्याचा ताबा घ्यायला गेला, तर समोर देवाचा निरोप घेऊन आलेला नबी उभा. त्यानं राजाला विचारलं, की खून करून वर वारसही झालास का?

"वारस?" बाईंनी विचारलं. "मूळ हिब्रूत असाच शब्द आहे?"

"याराश. अरबीतला वारिस त्याचाच भाऊ. तलाठ्याकडं आपण ज्याची नोंद करतो, तोच वारस. आता तुमचं बावन्न नंबरचं पान काढा. तिथं बी हाच शब्द हाय, जमीन ताब्यात घेण्याच्या जागी. तुम्ही नुसतं 'जिंकणे' लिहिलं. या शब्दात वारस होणं हाय, आन् रूप बदललं का दुसऱ्याले हुसकून लावणं बी हाय. दोन्ही एकाच मुळातून."

बाईंनी पान काढलं आणि तो शब्द शोधला. त्यांच्या आजोबांच्या बांधाचं भांडण वीस वर्षं कोर्टात चाललं होतं. दोन्हीकडचे लोक स्वतःला वारसच म्हणवत होते, आणि दोघांकडेही कागद होते. १९४८ साली युरोपातल्या कत्तलीतून वाचलेल्या माणसांना देश मिळाला आणि त्याच साली लाखो पॅलेस्टिनी अरबांची घरं गेली, हे त्यांनी स्वतःच दोन वेगवेगळ्या प्रकरणांत लिहिलं होतं. आता ती दोन प्रकरणं त्यांना एका शब्दावर येऊन मिळताना दिसली.

त्यांनी मार्गदर्शकांना फोन लावला. इतक्या उशिरा नवीन मजकूर घालू नका, असं ते आधी म्हणाले. बाईंनी त्यांना बावन्न नंबरचं पान वाचून दाखवलं, मग नबीचा प्रश्न सांगितला. पलीकडून प्रश्न आला.

"किती पानं होतील?"

"सहा, सर."

"लिहा मग. आणि ज्यांनी दाखवलं त्यांचं नाव घाला."

बाईंनी सहा पानं लिहून सगळा प्रबंध पुन्हा छापून आणला. नासिरभाईंनी त्याच्या पाच प्रती गर्द निळ्या कापडात बांधल्या. मुदतीच्या दिवशी चार वाजता प्रबंध अमरावतीला विद्यापीठात पोचला.

तोंडी परीक्षा नोव्हेंबरात झाली. बाईंनी हट्टानं नासिरभाईंना सोबत नेलं. आयशाबींनी त्यांचा ईदचा कुर्ता इस्त्री करून दिला होता. हैदराबादहून आलेल्या परीक्षकांनी बाकीचे प्रश्न झरझर विचारले आणि त्या सहा पानांवर येऊन थांबले.

"हा अर्थ तुम्ही कुठल्या ग्रंथातून घेतला?"

"ग्रंथातून नाही, सर. ज्यांनी हा प्रबंध बांधला त्यांच्याकडून. ते मागं बसलेत."

सगळ्यांनी वळून पाहिलं. परीक्षकांना वाटलं बाई गंमत करताहेत. त्यांनी प्रबंध पुढं केला आणि उतारा वाचता का म्हणून विचारलं. नासिरभाई उठले. घसा साफ केला आणि वर्गात हजेरी द्यावी तसं, न अडखळता वाचलं. मग अर्थ सांगितला, व्याकरण सांगितलं, आणि साळवे सरांचं नाव सांगितलं. परीक्षकांनी पुढचा प्रश्न बाईंना न विचारता त्यांनाच विचारला. त्याचंही उत्तर आलं.

निशिगंधाबाई डॉक्टर झाल्या. गाडीत परतताना त्यांनी नासिरभाईंना एवढंच विचारलं, की मला पहिल्यापासून शिकवाल का.

आता दर रविवारी सकाळी दुकानात वर्ग भरतो. बाई येतात, कळंबहून वकिलीचं शिक्षण घेणारा धम्मरत्न येतो. शहजादला हे अजून पटलेलं नाही. तो आत येत नाही, पण गिऱ्हाईक नसलं की खुर्ची दाराबाहेर ओढून बसतो. नासिरभाई कडक मास्तर आहेत. परवा बाईंनी क्रियापदांच्या चाचणीत दहापैकी चार मिळवले, तेव्हा त्यांनी वही परत दिली.

"डॉक्टर असाल तुम्ही," ते म्हणाले. "इथं तं पहिलीतच. लिहा पुन्हा."