सोआझच्या गळ्यातला जोडा

फांतिग केरवेला ही बाई गुरुवारच्या बाजारात लोणी विकते, हे तिचं अर्धंच वर्णन झालं. उरलेलं अर्धं असं की, चव्वेचाळीस वर्षं ती एका माणसाच्या तोंडून आपल्या भाषेतला एक शब्द बाहेर पडण्याची वाट बघत होती. एकच. शिवी असली तरी तिला चालणार होती.

आमच्या प्लूगानेझ गावात तिला कोण ओळखत नाही? ठेंगणी, रुंद, डोक्याला करकचून बांधलेला रुमाल, पायात रबरी बूट. खारं लोणी मळून मळून तिचे हात कोपरापर्यंत मिठाचे झालेत. लोक म्हणतात, फांतिगशी हात मिळवला की दिवसभर बोटं चाटत बसावं. गिऱ्हाइकाशी ती ब्रेतॉनमध्ये, म्हणजे आमच्या मुलखाच्या भाषेत, बोलते. समोरचा शहरी असेल, त्याला कळत नसेल, तर तीच गोष्ट ती पुन्हा ब्रेतॉनमध्येच सांगते, जरा मोठ्यानं. फ्रेंच तिला येत नाही असं नाही. उत्तम येतं. तिला ते कोणी आणि कसं शिकवलं, तेच सांगायला बसलोय.

आमच्या शाळेत प्रिजाँ मास्तर होते. फळ्याशेजारी एक खिळा, खिळ्याला सुतळीत ओवलेला लाकडी जोडा. डाव्या पायाचा, टाचेशी फुटलेला, कुठल्याशा पोराचा. वर्गात किंवा आवारात ज्याच्या तोंडून ब्रेतॉन शब्द निघेल, त्याच्या गळ्यात तो पडायचा. काढायचा कसा? दुसरं पोर ब्रेतॉन बोलताना पकडायचं, बोट वर करायचं आणि फ्रेंचमध्ये म्हणायचं, "मस्यू, मी ऐकलं." मग जोडा त्याच्या गळ्यात. संध्याकाळची घंटा होताना ज्याच्याकडे असेल त्यानं संडास धुवायचे. आणि आपल्या हातानं गळ्यातून काढेल त्याला आठवडाभर.

आता घरी सगळ्यांची एकच भाषा. सहा वर्षांच्या पोराला दुसरी येणार कुठून? मग पोरं एकमेकांच्या मागावर राहायची. पायावर पाय दे, मानेत बर्फ टाक, मागून चिमटा काढ. दुखलं की माणूस आईच्या भाषेतच ओरडतो. मास्तरांना हे पक्कं माहीत होतं. त्यांनी आम्हाला व्याकरण शिकवलं, भागाकार शिकवला आणि एकमेकांना दुखवायला शिकवलं. स्वतःचा हात मळवायची त्यांना गरजच पडली नाही.

फांतिग नऊ वर्षांची असताना जोडा तिच्याकडे आला आणि अकरा दिवस राहिला. तिनं कुणाचंच नाव सांगितलं नाही. रोज ऐकत होती, तरी नाही. अकरा संध्याकाळी तिनं संडास धुतले, थंडीनं हाताची सालपटं निघाली. बाराव्या दिवशी दुपारी तिची आई सोआझ शाळेच्या फाटकाशी आली. हातात फडक्यात बांधलेला पाव.

"फांतिग! अगं, जेवण विसरलीस की गं!"

हाक ब्रेतॉनमध्ये होती, सगळ्या आवारानं माना वळवल्या. मास्तर पायरीवर उभे होते. ते पोरीकडे बघत राहिले. नुसते बघत राहिले. आणि त्या नऊ वर्षांच्या, सालपटं निघालेल्या हाताचं बोट वर गेलं.

"मस्यू, मी ऐकलं."

मास्तर हसले. पोरीच्या गळ्यातला जोडा त्यांनी काढला, दोन्ही हातांनी धरला, चालत फाटकापाशी गेले. सोआझला फ्रेंचचा एक शब्द कळत नव्हता. तिला वाटलं, लेकीनं काहीतरी बक्षीस मिळवलंय आणि मास्तर आईचा मान करताहेत. चर्चमध्ये पदक घालून घेताना वाकतात तशी ती वाकली. मास्तरांनी जोडा तिच्या गळ्यात घातला. ती त्यांना आपल्या भाषेत म्हणाली, "देव तुमचं भलं करो, गुरुजी."

साठ पोरं हसली. त्यातली निम्मी भीतीनं हसली असतील, पण हसली.

ती तशीच, जोडा छातीवर मिरवत, बाजारपेठेतून घरी गेली. घरी नवऱ्यानं सांगितलं ते काय आहे. ती रडली नाही, जोडा चुलीत घातला नाही. खिळा मागितला आणि चुलीशेजारी टांगला. म्हणाली, "त्यांचा नियम आहे ना? मग आता तो माझा." त्यानंतर सत्तावीस वर्षं ती जगली. दुकानात गेली की बोटानं दाखवायची: हे, ते, एवढं. तोंड उघडायची ते घरात आणि गोठ्यात. मरायच्या आदल्या दिवशी फांतिगला म्हणाली, "तो अजून माझ्याच गळ्यात आहे बघ."

लेकीवर तिनं एका शब्दानं ठपका ठेवला नाही. ठेवला असता तर फांतिगला जरा सोपं गेलं असतं.

मी त्याच शाळेत, पण दहा-बारा वर्षांनी मागचा. आमच्या वेळी जोडा नव्हता, मास्तरांनी डब्याचं झाकण आणलं होतं. माझं शिक्षण त्या झाकणाबरोबर संपलं. पुढचं मी रस्त्यावर शिकलो, आणि थोडं कोठडीत, कारण फ्रेंचमध्ये बदललेली गावांची नावं पाट्यांवरून पुसून मी आमची नावं रंगवायचो. अजून रंगवतो. ज्याला तक्रार करायची त्यानं करावी.

अठ्ठ्याहत्तर साली बातमी आली, शाळेला मास्तरांचं नाव देणार. पितळेची पाटी, महापौर, बँडवाले, सगळा थाट. मास्तर सत्तरीचे होते, काठीसारखे ताठ. मी त्याच दिवशी डांबराचा डबा घेऊन फांतिगच्या गोठ्यात गेलो.

"रात्रीत काळी करतो पाटी."

ती दूध काढत होती. मान वर केली नाही. "डांबर रॉकेलनं निघतं, लोम. तुझी डोक्याची बाजू कुठली रे, वरची की खालची?"

"मग तू काय करणार?"

"नियमानं जाणार. त्यांनी बोलायला हवं. बोलले की जोडा त्यांचा."

"ते? ते झोपेत घोरतात तेसुद्धा फ्रेंचमध्ये!"

"घोरेनात का. ते कुठल्या गोठ्यात जन्मले ते मला ठाऊक आहे."

आणि तिनं शिकार सुरू केली. त्रेपन्न वर्षांची बाई, शाळेतल्या पोरांचे डावपेच घेऊन. रविवारी चर्चच्या दारात तिनं त्यांच्या अंगठ्यावर रबरी बूट पूर्ण वजनानिशी ठेवला. मास्तर पांढरे पडले आणि म्हणाले, "काही हरकत नाही, मादाम." पुढच्या रविवारी त्यांच्या भाजीच्या टोपलीत बेडूक. "कमाल आहे!" शुद्ध फ्रेंच, आणि उच्चार तर असे की पॅरिसवाल्यानं टोपी काढावी. मी हसून हसून बाकावर पडलो. फांतिग हसली नाही.

मग जून महिन्यात गुरांचा बाजार भरला. मास्तर पेपर आणायला तिथून चालले होते. वाटेत एक गाय आडवी उभी. मास्तरांनी पेपर काखेत धरला, न बघता गाईच्या ढुंगणावर उलट्या हाताची थाप दिली, गाय सरकली, मास्तर पुढे गेले. एवढंच. पण फांतिगनं माझं मनगट असं धरलं की वळ उठला.

"बघितलंस? हात गुराख्याचा आहे. हात अजून आपलीच भाषा बोलतो. तोंड तेवढं उघडायचं राहिलंय."

गाईशी आमच्याकडे कुणी फ्रेंच बोलत नाही. वकील झालेला माणूससुद्धा गोठ्यात शिरला की बापासारखा ओरडतो. फ्रेंचमध्ये सांगून गाय हलली, असं मी तरी पाहिलेलं नाही.

समारंभाच्या आधी तीन दिवस फांतिगनं आपल्या पेनवेनला, पांढऱ्या कपाळाच्या गाईला, चाटायला मिठाचा खडा दिला नाही.

रविवार, सकाळचे अकरा. शाळेच्या आवारात दोनशे माणसं, बहुतेक सगळी मास्तरांच्या हाताखालून गेलेली. पाटीवर तिरंगी कापड. मास्तर नव्या काळ्या कोटात ध्वनिक्षेपकासमोर. भाषणाआधी लोक हात मिळवायला रांगेत उभे राहिले, त्यात फांतिग. येताना तिनं लोण्याच्या पिंपातल्या खारवणीत हात कोपरापर्यंत बुडवले होते.

"हार्दिक अभिनंदन, मस्यू प्रिजाँ," ती फ्रेंचमध्ये म्हणाली. त्यांचा हात दोन्ही हातांत घेतला, मग प्रेमानं बाही चोळली, दंड चोळला, कॉलर नीट केली. मास्तर सुखावले. म्हणाले, "फ्रांस्वाझ! तुझं फ्रेंच अजून किती स्वच्छ आहे!" फांतिगचं हे सरकारी नाव.

"आपली कृपा," ती म्हणाली.

फाटकाबाहेर पेनवेनचा दोर माझ्या हातात होता. मास्तरांनी सुरुवात केली, "फ्रेंच भाषेनं या अज्ञानी खेड्याला उजेड दाखवला..." आणि मी दोर सोडला.

गाय गर्दीतून सरळ गेली. तिला मीठ कळलं होतं. पोरं हसायला लागली. तिनं आधी बाही चाटली. मास्तर मंद हसून म्हणाले, "चल, चल, बाजूला हो पाहू." फ्रेंचमध्ये. पेनवेननं कोपर तोंडात घेतला. "कुणीतरी कृपया या जनावराला..." बटण तुटलं. गाईनं मान झटकली, मास्तर हेलपाटले, कागद उडाले, आणि मग ध्वनिक्षेपकातून सगळ्या गावानं ऐकलं. खणखणीत ब्रेतॉनमध्ये, डोंगराकडच्या हेलात:

"मागं सर गं भवाने! सोड! सोडतीस का घालू काठी टाळक्यात!"

पेनवेननं लगेच सोडलं आणि दोन पावलं मागं सरली. तिला कळलं ना.

कर्णा घरघरत होता. फांतिगनं बोट वर केलं. आवाज तिचा नव्हताच, नऊ वर्षांच्या पोरीचा होता.

"मस्यू, मी ऐकलं."

एप्रनखालून तिनं जोडा काढला. तोच. टाचेशी फुटलेला, चुलीच्या धुरानं काळा झालेला, सुतळी तेवढी नवी. ती पायऱ्या चढून गेली. तिला हात पोचेना, म्हणून थांबली, आणि वाट बघत राहिली. आणि मास्तर वाकले. का वाकले, मला अजून सांगता येत नाही. सवय असेल. तिनं जोडा त्यांच्या गळ्यात घातला.

ते पुटपुटले, आमच्या भाषेत, "माझ्याही गळ्यात होता, पोरी. तीन हिवाळे." कर्ण्यानं तेही सगळ्यांना सांगितलं.

मला वाटलं, आता ही विरघळते. फांतिगनं त्यांच्याकडे पाहिलं आणि त्यांनीच शिकवलेल्या स्वच्छ फ्रेंचमध्ये म्हणाली, "म्हणजे तो किती जड असतो, हे आपल्याला ठाऊक होतं."

मास्तरांचा हात सुतळीकडे गेला. गर्दीतून कुणीतरी, टक्कल पडलेला साठीचा बाप्या असेल, वर्गातल्या सुरात म्हणाला, "मस्यू, नियम!"

हात खाली आला.

आता तो उतरायचा एकच मार्ग होता, आणि तो त्यांनीच आम्हाला पाठ करून घेतला होता. समोरच्या दोनशेतल्या एकानं एक ब्रेतॉन शब्द बोलायचा. ते एकेकाचं तोंड बघू लागले. पोरं बघत होती, पण पोरांना येतच नव्हतं. तेवढं काम मास्तरांनी चोख केलं होतं. आणि ज्यांना येत होतं, ती सगळी म्हातारी, पिकलेली, हातात टोप्या धरलेली माणसं दात आवळून उभी होती. माझ्या जिभेवर चार सणसणीत शिव्या आल्या होत्या. गिळल्या. एक जरी बाहेर पडली असती तर जोडा माझ्या गळ्यात आला असता आणि मास्तर सुटले असते.

"बोला की रे कुणीतरी," मास्तर म्हणाले. ब्रेतॉनमध्ये. "बोला की."

कुणी बोललं नाही.

महापौर बाहेरगावचा. त्याला काही कळेना. त्यानं घाईघाईनं दोरी ओढली, कापड पडलं, पितळेचं नाव चमकलं, त्याखाली गळ्यात जोडा घातलेला माणूस. टाळी एकानं वाजवली, बँडवाल्यानं, तीही चुकून. ती पाटी अजून तिथंच आहे. मी तिला डांबर लावलं नाही. गावात कुणी ते नाव घेत नाही, सगळे म्हणतात जोडेशाळा.

पुढं मला काही भल्या माणसांनी ऐकवलं, म्हाताऱ्या माणसाशी असं वागतात का? मी त्यांना सोआझच्या चुलीशेजारचा खिळा दाखवतो. तिथं आत्ता गाळणी टांगलेली असते.

मास्तर घरी चालत गेले, त्याच बाजारपेठेतून. दर पावलाला जोडा कोटाच्या उरल्या बटणावर आपटायचा. दारादारांत माणसं उभी. प्रत्येकानं अदबीनं मान लववली आणि फ्रेंचमध्ये म्हटलं, "बोंजूर, मस्यू प्रिजाँ." एकानंही चूक केली नाही. इतकं शुद्ध फ्रेंच त्या रस्त्यानं आधी कधी ऐकलं नसेल.

फांतिग मागून, पन्नास पावलं राखून, गाय घेऊन चालली होती. तोंड मिटलेलं. कोपऱ्यावर मास्तरांच्या घराचं दार लागल्याचा आवाज आला, आतून कडी पडली. ती थांबली, पेनवेनच्या मानेवर हात ठेवला आणि भर रस्त्यात, आईच्या भाषेत, ओरडून म्हणाली:

"चल गं माझे बाई, आता घरी चल, मीठ देते तुला!"

आणि दारादारांतून गलका उठला. मीही बोललो. त्या चार शिव्या आधी.