अजून खरं पायजे

जगात कुठलीही गोष्ट पहिल्या फटक्यात नीट घडत नाही, असं छातीठोकपणे मानणारा एकच माणूस मी पाहिलाय, तो म्हणजे आमच्या आत्तीच्या माडीवरचा फ्रेंच भाडेकरू. आमच्या मंगळवार पेठेवर सिनेमा काढायला आला होता. निम्मा खरा, निम्मा रचलेला. म्हणजे माणसं खरी, घरं खरी, भांडणंही खरी. फक्त झालेलं सगळं कॅमेऱ्यापुढं पुन्हा करून दाखवायचं. मराठी आत्तीकडून शिकला, त्यामुळं तोंड उघडलं की गल्ली हादरायची. स्वतः सातासमुद्रापलीकडून आलेला गडी आम्हालाच 'पावणं' म्हणायचा. एकदा मी त्याच्या जिन्यावरून सणसणीत घसरलो. उचलायचं राहिलं बाजूला, हा पठ्ठ्या वरून म्हणतो, "पावणं, झ्याक पडलासा! कॅमेरा लावतो, परत एकदा पडा." आणि मीही शहाणा, पडलो की! त्यावर मान हलवत म्हणाला, "खरं हाय, पण अजून खरं पायजे." माझं कंबरडं आठवडाभर खरं बोलत होतं. दूध-कट्ट्यावर गिऱ्हाइकांपुढं म्हशीची धार काढून देणाऱ्या गवळ्याला तर त्यानं इतकं 'परत एकदा' केलं, की शेवटी म्हशीनंच लाथ घालून कॅमेरा आडवा केला. ते मात्र त्याला पहिल्या झटक्यात पसंत पडलं.

आत्तीला मूलबाळ नाही, मालक जाऊनही बरीच वर्षं झालेली. ती दिवसभर या भाडेकरूला शिव्या घालायची आणि जेवायच्या वेळी पांढऱ्या रश्श्याची वाटी माडीवर पोचवायची. सिनेमात त्यानं तिला आपली आई केली. शेवटी लेक परगावी निघतो, आई हातावर दही घालते, असा प्रसंग. तो उंबऱ्याबाहेर पडला आणि सवयीनं ओरडला, "परत एकदा!" आत्ती कडाडली, "मुडद्या, निघाल्या माणसाला माघारी बोलवत्यात व्हय? इपरीत असतंय ते! झालं त्येच ठेव." सबंध सिनेमात तेवढा एकच प्रसंग त्यानं निमूटपणे एकदाच घेतला.

परवा तो खरोखरच मायदेशी निघाला. आत्ती सकाळपासून भांडी आपटत होती. त्यानं दही खाल्लं, पाया पडला, "येतो, आत्ती" म्हणाला आणि रिक्षात बसला. रिक्षा गल्लीच्या तोंडाशी पोचली असेल नसेल, तोच आत्ती दारातून ओरडली, "थांब रं!"

रिक्षा थांबली. आत्तीनं पदरानं नाक पुसलं. "न्हाई जमलं," ती म्हणाली. "अजून खरं पायजे. परत एकदा."

तो उतरला, बॅगा उचलून माडी चढायला लागला. कॅमेरा बॅगेतच होता. मी म्हणालो, "आत्ती, रेल्वे चुकंल की त्याची."

"चुकू दे की," आत्ती म्हणाली आणि दह्याची वाटी भरायला आत गेली.