कासमचं गाऱ्हाणं

वाटेत भेटलेला माणूस खुशाली विचारतो. कासम विचारायचा, "मी तुका कोण दिसतंय?" ईदला नवी टोपी घालून आला तरी हेच आणि रापणीच्या जाळ्याचा दोर ओढून कमरेपर्यंत भिजून आला तरी हेच. "माकड दिसतंस," असं मी म्हटलं की तो खूश. "बरा झाला. माकडाक कोण जात इचारणा नाय."

आमच्या मालवणच्या किनाऱ्यावर हंगामातलं पहिलं जाळं टाकण्याआधी दर्याला नारळ देऊन गाऱ्हाणं घालतात. एकाने मागायचं आणि बाकीच्यांनी प्रत्येक मागण्याला "व्हय म्हाराजा" म्हणायचं. आमच्या वाडीत गाऱ्हाण्याचा मान कासमच्या घराचा. का, ते कुणालाच ठाऊक नव्हतं. माझे बाबा रापणीचे तांडेल, म्हणजे म्होरके. ते म्हणत, "तेच्या आज्यापासून चलत इला," आणि तेवढं सगळ्यांना पुरत होतं. कासमचा बाप गेला तेव्हा नारळ त्याच्या हाती आला. त्याला नुकती मिसरूड फुटली होती.

बाप आपला मोजकं मागायचा. कासमचं मागणं म्हणजे करमणूक. "बा दर्याच्या राजा, तांडेलाच्या शालनीक बरो घोव मेळांदे, आणि तेका बोलाक वायच सवड मेळांदे रे म्हाराजा!" सगळा किनारा "व्हय म्हाराजा" म्हणून ओरडला. मी आठ दिवस त्याच्याशी अबोला धरला. पुढे घो मिळाला, एस.टी.त कारकून. सवड मात्र मी त्याला अजून दिलेली नाही.

कासमच्या मामूचं कसालला किराणा दुकान होतं. दुकान देतो, मुलगी देतो, पण ते गाऱ्हाणं सोड, आपल्यात असलं बसत नाही, अशी मामूची अट. कासम म्हणाला, "मामू, नमाजाक उबो रवलंय काय मी तुमचो, दोर धरलंय काय वाडीचो. खंयचो हात तोडू?" मामूने मुलगी दुसरीकडे दिली. हे मला सांगताना तो हसत होता. माझे डोळे भरले तर म्हणतो कसा, "रडतंस कित्याक गो? गाराणा आसा मा माझ्याकडे."

मग युद्धाचं वर्ष आलं. दुकानापुढे रेडिओ ऐकायला माणसं जमत आणि कासम आला की पांगत. त्याने सवयीने आपला प्रश्न टाकला, तेव्हा एकजण म्हणाला, "कोण दिसतंस ता आता आमका कळला." त्या वर्षी त्याला नारळ द्यायचा नाही, असं सगळ्यांच्या मनात होतं. पण पिढीजात मान काढला तर दर्या कोपेल, ही भीतीही होती. यावर तोड माझ्या बाबांनी काढली. "मान तेचो तेका देवया. फकत जबाब कोणी देवचो नाय." मी ओटीवरच होते. "बाबा, ह्या पाप आसा," म्हटलं. ते म्हणाले, "रापणीत बायलमाणसान बोलूचा नाय."

कासमने नारळ धरला. "बा दर्याच्या राजा, ह्या वाडीची लेकरां तुझ्या पायाशी इली आसत..." आणि थांबला. कुणी काही बोललं नाही. त्याने दुसरं मागणं मागितलं, पुन्हा थांबला. माणसं वाळूकडे बघत होती. मला राहवलं नाही, बायकांतून मी एकटीच "व्हय म्हाराजा" म्हणाले. पुरुष फिदीफिदी हसले. तेवढं हसणंच काय ते त्याला उत्तर मिळालं. तरी एकही मागणं न गाळता, लढाईवर गेलेल्या वाडीतल्या पोरांना सुखरूप ठेव इथपर्यंत, त्याने गाऱ्हाणं पुरं केलं. दोरही ओढला.

जाळं भरून आलं. बाबांनी त्याचा वाटा नेहमीपेक्षा मोठा काढला. कासमने हात धुतले आणि घरी गेला. त्याच्या वाट्याची मासळी संध्याकाळपर्यंत वाळूत पडून होती, कावळ्यांनी खाल्ली. दुसऱ्या दिवशी तो कसालच्या गाडीत बसला. पुढच्या वर्षी गाऱ्हाणं बाबांनी घातलं आणि माणसं घसा फुटेस्तोवर "व्हय म्हाराजा" म्हणाली. बाबांचा मला तेव्हा आला तेवढा राग पुन्हा कधी कुणाचा आला नाही.

नवऱ्याची बदली कसालला झाली, तेव्हा मी मामूच्या दुकानात गेले. कासम तराजूशी होता. तिथली माणसं त्याला 'गाराणेवालो' म्हणून चिडवतात, हे शेजारणीकडून कळलं होतं.

"कासम, माका वळाकलंस? तुझ्या गाराण्यातलो घोव हंयच कामाक आसा."

त्याने साखरेची पुडी बांधली आणि कचेरीत बोलतात तशा स्वच्छ मराठीत म्हणाला, "बाई, आणखी काही हवं आहे?"

"मी तुका कोण दिसतंय?" मी विचारलं.

त्याने माझ्याकडे नीट बघितलं.

"गिऱ्हाईक," तो म्हणाला आणि माझ्या मागच्या माणसाची पिशवी घ्यायला हात पुढे केला.